धाब्यावरची मेथी

नर्सबाईंच्या खोलीच्या छपरावर मेथी पेरलेली असायची. धाब्याचं घर म्हणजे वर मातीचं सपाट छप्पर. आमच्या वऱ्हाडात अशी घरं गावोगाव. पावसाळ्यात त्यावर गवत उगवतं आणि घरधनी ते उपटून टाकतो. बाईंनी मात्र छपरावर आणखी वीतभर काळी माती चढवली, वाफे पाडले, एकात मेथी पेरली आणि दुसऱ्यात सांबार, म्हणजे कोथिंबीर. रोज सकाळी शिडीने वर जाऊन त्या तांब्याने पाणी घालत. खाली गळायचं. गळत्या जागी पातेलं ठेवलेलं असे आणि ते भरलं की तेच पाणी पुन्हा वर जाई.

मी पहिल्यांदा तिथे गेलो तो नोटीस घेऊन. महाराष्ट्र राज्य होऊन थोडीच वर्षं झाली होती. मी तालुक्याच्या कचेरीत जमिनीच्या शाखेत नुकताच चिकटलो होतो. नवा महसूल कायदा लागू झाला होता. त्याचं पुस्तक अजून आमच्यापर्यंत पोचलं नव्हतं, पण त्याच्या कलमांखाली नोटिसा मात्र निघत होत्या. गावचा कोतवाल, जो एरवी अशा नोटिसा बजावायचा, म्हणाला, "मी त्या बाईच्या हातचा हाय साहेब. मले पाठवू नका." म्हणून मी गेलो.

बाईंनी नोटीस उभ्याने वाचली. पांढरं लुगडं, पायात पुरुषी कॅनव्हासचे बूट, नाकावर दोऱ्याने बांधलेला चष्मा.

"अकृषक वापर म्हंजे काय रे बाबू?"

"म्हणजे शेतीच्या जमिनीवर शेती सोडून दुसरं काही करणं."

"चाल वर."

मला शिडीवर चढवलं. छपरावर उभं करून विचारलं, "हे काय हाय?"

"मेथी."

"मेथी वावरात येते का कचेरीत?"

"वावरात."

"मंग लिही तसं."

मी काय लिहिणार? नोटिशीच्या पोचवर सही घेतली आणि निघालो, तर बाईंनी मेथीची जुडी सायकलच्या कॅरिअरला बांधून दिली. माझ्या बायकोने तिची भाजी केली. बेकायदा इमारतीच्या छपरावरचा तो मुद्देमाल आम्ही दोघांनी भाकरीबरोबर खाल्ला.

बाई सरकारी दवाखान्यातून निवृत्त झालेल्या मिडवाईफ. लग्न झालं होतं म्हणत, पण नवरा कोणी पाहिलेला नव्हता आणि विचारायची कोणाची छाती नव्हती. वरवट बकालपासून सायकलने अर्ध्या तासावर त्यांचं गाव. गावात बौद्ध वस्तीत भावाचं घर होतं, तिथे त्या झोपायला जात. बाकी सगळा दिवस रस्त्याकाठच्या त्यांच्या दोन एकरांत. वडिलांच्या वाट्याची ती जमीन. तिथे त्यांनी निवृत्तीनंतर एक मोठी खोली बांधली, पुढे ओटा, बाजूला पाणी तापवायची चूल, आणि त्या बाळंतपणं करू लागल्या.

आसपासच्या गावांतली निम्मी माणसं त्यांच्या हातून जन्मलेली. कोण कसा आला हे त्यांना पक्कं आठवायचं आणि ते त्या कुठेही बोलून दाखवायच्या. एकदा वरवट बकालच्या भर बाजारात सोसायटीच्या चेअरमनला त्यांनी अडवलं. "तू पायाकडून आला होता बे. तुया मायनं दीड दिवस काढला होता तुयासाठी. आता तिले दवाखान्यात न्याले तुले टाईम भेटत नाही काय?" बाजार हसला. चेअरमन खाली मान घालून गेला आणि दुसऱ्या दिवशी आईला घेऊन खामगावच्या गाडीत बसला. आम्हा कारकुनांत एक गृहस्थ फार तोंडाळ होते. ते बाईंना बघून रस्ता बदलत. का, ते त्यांनी कधी सांगितलं नाही. काहीतरी त्यांच्या जन्माचंच असणार.

दुसरं वेड हात धुण्याचं. त्यांच्या ओट्यावर चढायचं तर कोपरापर्यंत हात धुवायचे. बाळंतिणीला बघायला आलेली सासू असो, मोजणी करणारा पटवारी असो, घागरीपाशी उभं राहावं लागे. "तुले कुठं काय लागलं हाय ते तुले माहीत नाही," त्या म्हणत, "लेकराले कायले त्रास?"

आणि तिसरं वेड खरं लिहिण्याचं. त्यांच्याकडे एक लांबोडकी वही होती. प्रत्येक जन्माची नोंद: आईचं नाव, मूल काय, वजन किती, वेळ कोणती, ठिकाण कोणतं. ठिकाणाच्या रकान्यात त्या गावाचं नाव लिहीत नसत. सर्वे नंबर लिहीत. "सरकारले जमिनीची फिकर हाय ना," त्या म्हणायच्या, "मंग जमिनीवर काय होते ते सरकारले समजलं पाह्यजे."

मी एकदा विचारलं होतं, "बाई, हे सगळं गावातच काढायचं होतं. वस्तीत जागा नव्हती का? गावठाणात बांधलं असतं तर परवानगीचा प्रश्नच नव्हता."

त्या चुलीत फुंकर घालत होत्या. थांबल्या. "आमच्या वस्तीत पाटलाची सून येईन बाळंत व्हाले? अन् पाटलाच्या गल्लीत मी घर मांगलं, तर मले देतीन? वावर कोनाच्याच गल्लीत नाही बाबू. वावरात याले कोनाले लाज नाही वाटत. साऱ्याच येतात."

ते खरंच होतं. त्या खोलीत मी एका खाटेवर पाटलाची लेक आणि दुसऱ्या खाटेवर तिच्याच शेतात निंदायला जाणारी मजूरबाई पाहिली आहे. बाराव्या दिवशी बारशाला बाईंना वाड्यांतून बोलावणं येत नसे, हेही खरं. जेवण यायचं, पण ते शेताच्या कवाडापाशी पत्रावळीत. बाई ते घ्यायच्या आणि बैलाला घालायच्या. अन्न टाकून द्यायला नको, एवढंच म्हणायच्या.

माझी मोठी मुलगी तिथलीच. तालुक्याला दवाखाना होता, पण बायकोने हट्ट धरला. मुलगी झाल्यावर माझी आई जरा पडेल चेहऱ्याने बसली होती, तर बाईंनी तिच्या मांडीत मूल ठेवलं आणि म्हणाल्या, "आजीबाई, तुमी काय पोट्टा होता काय जन्मल्या तवा?" ही मुलगी झाली तेव्हा मीच बाईंविरुद्धच्या प्रकरणाची फाईल सांभाळत होतो. दोन्ही गोष्टी एकाच वेळी चालत होत्या आणि मला त्यात काही विचित्र वाटत नव्हतं, हे आज लिहिताना विचित्र वाटतं.

आता आबासाहेबांबद्दल. बाईंच्या दोन एकरांमागे आबासाहेबांची चाळीस एकर काळी जमीन होती. गावची ग्रामपंचायत त्यांच्या माणसांची. त्यांना तिथे कापसाचं जिनिंग काढायचं होतं आणि जिनिंगचं फाटक रस्त्यावर हवं होतं. मधे बाई. त्यांनी जमीन विकत मागितली. बाई नाही म्हणाल्या. पुन्हा मागितली, पुन्हा नाही. मग कचेरीत अर्ज आला, की अमुक सर्वे नंबरात शेतजमिनीवर विनापरवाना इमारत उभी असून तिथे शेतीबाह्य धंदा चालतो, आणि तिथल्या उघड्या चुलीच्या ठिणग्यांमुळे शेजारच्या जिनिंगला आगीचा धोका आहे. त्या दिवशी शेजारी जिनिंग नव्हतं. हरभरा होता.

आबासाहेब वाईट माणूस नव्हते, असं लिहायची आमच्याकडे पद्धत आहे. मी लिहीत नाही.

पहिली पेशी झाली ती जुन्या नायब तहसीलदारांपुढे. त्यांना निवृत्तीला वर्ष राहिलं होतं. आबासाहेबांनी खामगावहून वकील आणला होता. नायबसाहेबांनी बाईंना विचारलं, "जमिनीवर पीक काय आहे?"

"कपाशी, तूर, छपरावर मेथी."

"आणि छपराखाली?"

"लेकरं. मागच्या सालचं पीक लय चांगलं झालं साहेब. सारं जगलं."

वकील उठला. "साहेब, हा कोर्टाचा उपमर्द आहे. या बाईंनी कायदा सरळसरळ धाब्यावर बसवला आहे."

"धाब्यावर माह्यी मेथी हाय वकीलसाहेब," बाई म्हणाल्या. "कायद्याले बसाले तिथं जागा नाही."

चपराश्यासकट सगळे हसले. नायबसाहेबांनी चष्मा पुसला आणि कायद्यात शेतकऱ्याला शेतावर शेतघर बांधता येतं, हे शेतघर आहे की नाही हे तपासावं, असा शेरा मारून फाईल मला दिली. बाहेर आल्यावर म्हणाले, "ही खाली ठेव. अगदी खाली." ती फाईल दोन वर्षं खाली राहिली. त्या दोन वर्षांत त्या खोलीत किती मुलं झाली ते वहीत आहे. वही कुठे आहे ते मला माहीत नाही.

मग नवे तहसीलदार आले. तरुण, पुण्याकडचे, आणि सरळ. इतका सरळ अधिकारी मी नोकरीत पुन्हा पाहिला नाही. कचेरीतला चहासुद्धा स्वतःच्या पैशाने घेत. आबासाहेब भेटायला आले तर त्यांना बाकावर तासभर बसवलं. मला आशा वाटली. पण साहेबांनी खालपासून फायली काढायला सुरुवात केली आणि आमची फाईल तिसऱ्या दिवशी वर आली. साहेबांनी लाच घेतली असती तर बरं झालं असतं, असं मला पुढे अनेकदा वाटलं. लाच घेणारा माणूस दुसऱ्या बाजूचंही ऐकतो.

साहेबांना बाईंची बोली नीट कळत नसे. "शुद्ध भाषेत सांगा," म्हणत. बाई मग गप्प बसत. साहेबांनी सल्ला दिला, की रीतसर अकृषक परवानगीचा अर्ज करा. बाईंनी केला. नकाशा जोडला नाही म्हणून परत आला. नकाशा जोडला, तर रस्त्याच्या मध्यापासूनचं अंतर दाखवलं नाही म्हणून परत आला. ते दाखवलं, तर ग्रामपंचायतीची ना-हरकत नाही म्हणून परत आला. ग्रामपंचायत ना-हरकत देईना. तिन्ही वेळा परतीचं पत्र माझ्या अक्षरात होतं. त्याच हंगामात आबासाहेबांच्या जिनिंगची परवानगी निघाली. तिचे सगळे कागद बरोबर होते. मीच तपासले होते.

साहेब मौका पाहणीला आले तो दिवस चैत्रातला. आत एक बाळंतीण अडलेली होती. आम्ही लिंबाखाली तीन तास बसलो. साहेब घड्याळ बघत होते, पण दार वाजवलं नाही. तेवढी माणुसकी त्यांच्यात होती. शेवटी मूल रडलं. जरा वेळाने बाई बाहेर आल्या, आमच्याकडे बघून घागरीकडे बोट केलं. "हात धुवा, मंग आत या."

तहसीलदारसाहेबांनी कोट काढला, बाह्या सारल्या आणि कोपरापर्यंत हात धुतले. मग दारात उभं राहूनच दोन खाटा, एक टेबल, स्टोव्ह, भिंतीवरचा बाबासाहेबांचा आणि बुद्धाचा फोटो, सगळं टिपून घेतलं. छपरावर गेले. खाली उतरून मला सांगितलं, "लिहा. छपरावर मेथी आणि कोथिंबीर, दोन वाफे, पीक अस्तित्वात." आणि मग सावकाश, एकेक शब्द तोलून, "छपराचा वापर कृषक. छपराखालील वापर अकृषक."

मी लिहिलं. साहेब हसले नाहीत. त्यांनी ते मनापासून सांगितलं होतं.

निकाल लागेपर्यंत वापर बंद, असा हुकूम निघाला. दाराला सील लावायचं काम माझ्याकडे. कुलूप बाईंनीच दिलं. कापड गुंडाळलं, पण वाऱ्याने काडी टिकेना आणि लाख वितळेना. बाईंनी चुलीतलं जळतं लाकूड आणून माझ्या हातात दिलं. मी लाखेवर पितळी शिक्का दाबला. "नीट दाब," त्या म्हणाल्या, "निंघालं तर माह्यावर येईन."

दर आठवड्याला जाऊन सील शाबूत आहे का बघायचं आणि फायलीत नोंद करायची. ओटा उघडा होता, छप्पर उघडं होतं. बाई मेथीला पाणी घालत, सायकलवरून गावोगाव जाऊन बाळंतपणं करत, पण आता ज्याच्या घरी बोलावणं त्याच्याच घरी. ज्यांची घरं दोन हातांची, तिथे बाळंतिणीच्या पायाशी बकरी बांधलेली असे. आणि काही घरांतून बोलावणंच येईना.

पोळ्याच्या आठवड्यात मी असाच सील बघायला गेलो. सकाळपासून झड लागली होती. मी नाला ओलांडून आलो आणि मागे नाला चढला. तालुक्याकडचा आणि खामगावकडचा रस्ता बंद. दुपारी दोनच्या सुमाराला नाल्याकडून बैलगाडी आली. गाडीत आबासाहेबांची सून, तिला धरून बसलेली सासू. गाडीमागे छत्री घेऊन चालत आबासाहेब. खामगावला न्यायला निघाले होते आणि नाल्यावरून परत फिरले होते.

सासू गाडीतूनच ओरडली, "नर्सबाई, पाहा हो काहीतरी! पाणी गेलं तिचं कवाचं!"

बाईंनी सुनेच्या पोटावर हात ठेवला, जरा थांबल्या, आणि माझ्याकडे वळल्या. "बाबू, सील तुया हाताचं हाय. काढतं काय?"

मी दाराकडे पाहिलं. लाखेवरचा शिक्का स्पष्ट दिसत होता. "बाई, मला अधिकार नाही हो."

आबासाहेब रस्त्यावरून म्हणाले, "सील सरकारी हाय. त्याले हात नका लावू कोनी." मला तेव्हा ते वाक्य भित्र्या माणसाचं वाटलं.

बाईंनी पुन्हा विचारलं नाही. गाडीवरची ताडपत्री ओढली, एक टोक ओट्याच्या खांबाला बांधलं, दुसऱ्या टोकाची दोरी माझ्या हातात दिली. "रस्त्याकडे तोंड कर. सोडजो नको." सासूने आपलं पातळ सोडून आडोसा धरला. मी दोन तास रस्त्याकडे तोंड करून, पावसात, ती दोरी धरून उभा होतो. माझ्या पाठीमागे ती पोरगी ओरडत होती आणि बाई तिच्याशी बोलत होत्या, शिव्या देत, लाडीगोडी करत, पुन्हा शिव्या देत. माझ्यापासून चार हातांवर बंद दारामागे टेबल होतं, स्टोव्ह होता, कोरडी खाट होती.

मूल झालं आणि रडलं नाही. मला पाठमोऱ्या तेवढंच कळलं, की सगळे गप्प झालेत. मग चापट्या मारल्याचा आवाज, बाईंचा आवाज, "बोल बे, बोल, एवढं आला अन् आता कायले रुसतं?" आणि मग ते रडलं.

आबासाहेबांनी टोपी काढली. चिखलातून ओट्यापर्यंत आले आणि बाईंना दोन्ही हात जोडले. त्यांचे डोळे भरले होते, ते मी पाहिलं. मला वाटलं, झालं, फाईल बंद.

बाईंनी हात धुतले, वही काढली आणि नोंद केली. ठिकाण: सर्वे नंबर अमुक, ओटा. शेरा: सील शाबूत. खाली मला सही करायला लावली. मी आनंदाने केली.

पंधरा दिवसांनी पेशी होती. बाई वही घेऊन आल्या, कारण साहेबांनी आणायला सांगितली होती. आबासाहेब आले होते. वकील उठला आणि म्हणाला, "साहेब, बंदीचा हुकूम असताना याच जागेत प्रसूतीचं काम चालू आहे. शेवटची नोंद वाचून घ्यावी."

वाचायचं काम माझं. मी वाचलं. आईचं नाव, आबासाहेबांच्या घराण्याचं आडनाव, मुलगा, वजन, वेळ, सर्वे नंबर, ओटा. सील शाबूत. आणि माझी सही.

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. "तुम्ही हजर होता?"

"हो साहेब."

"सील?"

"शाबूत होतं."

"प्रसूती झाली?"

"झाली साहेब."

"सर्वे नंबराच्या हद्दीत?"

"हो."

ते थांबले. मला आणखी काही सांगायचं असेल म्हणून थांबले असावेत. सरळ माणूस होता, ऐकलं असतं त्याने. नाला चढला होता, गाडी यांच्याच घरची होती, नडलेली सून यांची होती, ताडपत्रीची दोरी मी धरली होती, एवढंच सांगायचं होतं. पण दोरी धरली म्हटलं की बेकायदा वापरात सरकारी माणसाची मदत, खात्याची चौकशी. माझी नोकरी येत्या मार्चमध्ये पक्की व्हायची होती. मी खाली बघितलं.

वकिलाने सांगितलं, "वादीला स्वतःच्या घरातली गोष्ट पुढे आणताना दुःख होत आहे साहेब, पण कायदा सगळ्यांना सारखा."

साहेबांनी बाईंना विचारलं, "तुम्हाला काही म्हणायचं आहे?"

बाई आबासाहेबांकडे वळल्या. "नातू कसा हाय?"

आबासाहेबांना वाटलं नसावं की त्यांना कोणी काही विचारेल. "बरा हाय."

"दूध ओढते?"

"ओढते."

"मंग झालं," बाई म्हणाल्या आणि वही पिशवीत घातली.

निकालाची स्वच्छ प्रत मी काढली. बंदी असूनही वापर चालू ठेवल्याचं स्वतः ठेवलेल्या नोंदवहीवरूनच शाबीत होत असल्याने बांधकाम काढून टाकावं आणि जमीन शेतीसाठी पूर्ववत करावी. मी ती प्रत स्वतः नेऊन दिली. म्हटलं, "बाई, अपील करा. मी लिहून देतो. कोणाला कळणार नाही."

"मले वाचता येते बाबू. हुकूम वाचला मी. त्यात एक अक्षर खोटं नाही. अपील कायचं करू?"

सरकारी माणसं पाडायला येण्याआधी बाईंनी ते स्वतःच उतरवलं. भाऊ आणि दोन पुतणे मदतीला होते. आधी छपरावरची मेथी उपटून गावात वाटली. मग माती, मग लाकडं, मग भिंती. विटा वस्तीत ज्याला हव्या त्याने नेल्या. मी पूर्ततेचा पंचनामा करायला गेलो तेव्हा खोलीच्या जागी नांगरट करून हरभरा टोकलेला होता. मला हात धुवायला कोणी सांगितलं नाही. धुवायला घागरच नव्हती.

पुढच्या पावसाळ्यात कोतवालाची सून त्याच नाल्याच्या काठी गाडीतच गेली. मूलही गेलं. बाई तोवर गाव सोडून लोणारला भाचीकडे राहायला गेल्या होत्या. कोतवाल तिसऱ्या दिवशी कचेरीत डाक घेऊन आला, पिशवी टेबलावर ठेवली, पोचवर अंगठा केला. आम्ही त्याला काही विचारलं नाही. त्याने माझ्याकडे पाहिलं असं मला वाटतं, पण ती माझी समजूतही असेल.

बाईंच्या भावाने पुढे ती दोन एकरं आबासाहेबांना दिली. तिथे जिनिंगचं फाटक झालं, आणि फाटकाच्या आत, परवानगीच्या नकाशात नसलेलं, कापूस साठवायचं एक लांबलचक गोदाम.

मी अव्वल कारकून झालो त्या सुमाराला वरून परिपत्रक आलं: शेतजमिनींवर विनापरवाना झालेली जुनी बांधकामं दंड घेऊन नियमित करावीत, गावनिहाय याद्या पाठवाव्यात. यादी माझ्या टेबलावर तयार झाली. त्या सर्वे नंबरापुढे आबासाहेबांचं गोदाम होतं. त्यापुढे मला "नियमित करण्यास हरकत नाही" असं लिहायचं होतं आणि मी लिहिलं. बाईंची खोली यादीत नव्हती. जी उभीच नाही ती नियमित कशी करणार?

मला झोप लागेना. एका रविवारी मी एसटीने लोणारला गेलो. भाचीचं घर शोधून काढलं. बाई ओसरीवर सुपात तूर निवडत बसल्या होत्या. खूप वाळल्या होत्या. मला ओळखलं. पाणी दिलं. बायको-पोरांची चौकशी केली नाही.

मी बराच वेळ इकडचं तिकडचं बोललो. मग सांगून टाकलं. परिपत्रकाचं सांगितलं, यादीचं सांगितलं, गोदामाचं सांगितलं. म्हटलं, "बाई, ती खोली आज उभी असती तर थोडा दंड भरून कायम झाली असती. आणि त्या दिवशी मी साहेबांपुढे बोलायला पाहिजे होतं. दोरी मी धरली होती. मी बोललो नाही."

बाईंनी सूप खाली ठेवलं. चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं.

"हे सांगाले तू इतक्या दूर आला?"

"हो बाई."

"कवापासून सांगाचं होतं?"

"तेव्हापासून."

"मंग तवा सांगाचं होतं." त्यांच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर मला बरं वाटलं असतं. "आता मले सांगून तुले हलकं वाटून राह्यलं असन. वाटू दे. पन मी त्याले काय करू? मी बरं म्हनीन, तर ते खोटं होईन. अन् तुले वाईट म्हनून माह्यं काय उगवन?"

त्यांनी सूप पुन्हा मांडीवर घेतलं, एक खडा काढून अंगणात टाकला, आणि आत भाचीला हाक मारून विचारलं, की मेहकरकडची गाडी किती वाजता आहे.

"साडेचारले," भाची आतून म्हणाली.

"जाय मंग," बाई म्हणाल्या. "आत्ता निंघाला तर भेटन."

मी निघालो. कवाडातून वळून पाहिलं, तर त्या खाली मान घालून तूर निवडत होत्या. गाडी भेटली. उभ्यानेच यावं लागलं.